डब्यातल्या हेल्गाबाई

आमच्या मराठी मंडळात अजूनही कुणाच्या घरून डबा आला की घेणारा तो आधी कानाशी धरून हलवतो आणि विचारतो, "यात सिनेमा नाही ना?" नवीन आलेल्या मंडळींना काही कळत नाही. ती बिचारी ओशाळून हसतात आणि झाकण उघडून दाखवतात. मग कुणीतरी त्यांना कुमुदकाकूंची गोष्ट सांगायला घेतं आणि दर वेळी चुकीची सांगतं. परवा तर एकाने ठोकून दिलं की आगीचे तीन बंब आले होते. तीन कसले, डोंबल! एकच आला होता. मी तिथे उभी होते.

डॉक्टर कुमुद देवस्थळी वेस्ट विंडसरला आमच्या मागच्या रस्त्यावर राहायच्या. इथे परदेशात कोथिंबिरीची एक जुडी मिळवायला लोक तासभर ड्राइव्ह करायचे, त्या काळात नागपूरहून आलेल्या. रेडिऑलॉजिस्ट. म्हणजे एक्स-रे, स्कॅन वाचायचे आणि रिपोर्ट लिहायचा. ठेंगण्या, गोल चेहऱ्याच्या, पांढऱ्याशुभ्र केसांचा बॉबकट, आणि उन्हाळा असो की बर्फ, पायात लोकरीचे मोजे. आयुष्यभर माइकमध्ये रिपोर्ट सांगत आल्यामुळे त्यांच्या बोलण्यात विरामचिन्हंसुद्धा यायची, पूर्णविरामाला इथल्यासारखं 'पिरियड'. "मी त्या डिनरला येणार नाही, पिरियड," असं म्हणाल्या की संपलं. मग देवाने सांगितलं तरी त्या जायच्या नाहीत. फोनवर गप्पा मारता मारता मध्येच "न्यू पॅराग्राफ" म्हणाल्या, की समजायचं की आता विषय बदलला.

त्यांच्या तोंडी कौतुकाचा शब्द एकच, नॉर्मल. मी सांगलीची, स्वयंपाकाच्या बाबतीत जरा ताठ्याची. पहिल्यांदा त्या जेवायला आल्या तेव्हा मी मोठ्या हौसेने कटाची आमटी केली. काकूंनी वाटी तोंडाला लावली, डोळे मिटले आणि म्हणाल्या, "आमटी नॉर्मल." माझा चेहराच पडला. वसंतकाका, म्हणजे त्यांचे यजमान, तेव्हा होते. ते घाईघाईने म्हणाले, "अगं, रागावू नकोस. आमच्या लग्नाला इतकी वर्षं झाली, मला अजून 'बॉर्डरलाइन'च्या वर मार्क मिळालेले नाहीत."

मी सॉफ्टवेअर टेस्टर, म्हणून काकू मला "टेस्टर" अशीच हाक मारायच्या. "आपला धंदा एकच गं," म्हणायच्या. "दुसऱ्याच्या कामातली खोट शोधायची आणि वर पगार घ्यायचा." फोटो कसा बघायचा ते त्यांनी मला शिकवलं. मध्ये सगळेच बघतात. आपण आधी कोपरे बघायचे, कडा बघायच्या, आणि मग मध्ये यायचं. हे त्या सगळीकडे करायच्या. लग्नाच्या हॉलमध्ये शिरल्या की नवरानवरीकडे न बघता आधी भिंतीकडेच्या खुर्च्यांवर नजर फिरवायच्या. तिथे एकटं कुणी बसलेलं असलं की त्याच्या शेजारी जाऊन बसायच्या.

एकदा त्यांच्या बेसमेंटमध्ये चहा पिताना मी विचारलं, "काकू, कंटाळा नाही का आला? सगळं आयुष्य अंधाऱ्या खोलीत?"

"छे गं! मजेत गेलं. फक्त एक आहे." त्यांनी बिस्कीट बुडवलं. "सर्जनला लोक मिठाई आणून देतात. माझं नाव रिपोर्टच्या तळाशी असतं, ते कोण वाचतंय? पेशंटला वाटतं, फोटो मशीनच वाचतं."

हे त्या हसत म्हणाल्या होत्या. कुरकुरीचा लवलेश नव्हता. तरी माझ्या ते लक्षात राहिलं.

त्या बेसमेंटमध्ये भिंतीवर एक्स-रे लावून बघायचा दिव्याचा मोठा बोर्ड होता. हॉस्पिटलमध्ये सगळं कॉम्प्युटरवर गेलं तेव्हा ते तो फेकून देणार होते. काकूंनी मागून घरी आणला. वसंतकाका गेल्यावर काकूंना जुन्या घरांतल्या सामानाच्या विक्रीला जायचा नाद लागला. पर्थ ॲम्बॉयला एका डेन्मार्कहून आलेल्या कुटुंबाचं घर रिकामं करत होते. काकू गेल्या होत्या पितळी दिव्यासाठी, आणि घेऊन आल्या एक गंजका डबा. त्यात होतं जुन्या सिनेमाच्या फिल्मचं एक भेंडोळं, तळहातावर मावेल एवढं. काकूंनी एक पट्टी दिव्याच्या बोर्डावर धरली आणि भिंग घेऊन आधी कोपरे बघितले. कोपऱ्यात एक म्हातारी होती. डोक्याला रुमाल, हातात मासळीची टोपली. मध्ये कुणी देखणी नायिका हातवारे करत होती, पण काकूंचं लक्ष त्या म्हातारीच्या खांद्याकडे.

"टेस्टर, इकडे ये. ही बाई टोपली उचलताना आधी डावीकडे कलते. पुढच्या चित्रात बघ. त्याच्या पुढच्यात बघ. उजवं गळ्याजवळचं हाड कधीतरी मोडलंय आणि आखूड जुळलंय. हे नाटक नाही. हे हाड आहे."

मग दोन वर्षं काकू युरोपातले शंभर वर्षांपूर्वीचे मूकपट बघत बसल्या. इंटरनेटवर ढीगभर आहेत म्हणे. त्यातच त्यांना एक दिवस हेल्गा रोस्ट्रुप सापडली. डेन्मार्कची नटी, एके काळी मोठं नाव कमावलेली. कोपनहेगनपासून बर्लिनपर्यंत पोस्टकार्डांवर तिचा चेहरा छापलेला असायचा. सर्कशीच्या एका सिनेमात तिने स्वतः घोड्यावरून पडण्याचं काम केलं आणि खरंच पडली. त्याच्या पुढच्या सिनेमात, झोपलेल्या मुलाला उचलताना ती आधी डावीकडे कलते. काकूंनी तो तुकडा बघितला आणि सकाळी सात वाजता माझ्या घरी आल्या, बाहेरच्या चपला न घालता, नुसत्या मोज्यांवर.

"तीच आहे! म्हातारी तीच आहे! आणि पुस्तकं म्हणतात, लग्न केलं आणि सिनेमा सोडला! कसला सोडला? तिला नायिका करणं सोडलं त्यांनी. मग ही कोपऱ्यात उभी राहिली, नावाशिवाय. पण काम सोडलं नाही गं तिने!"

त्या दिवसापासून ती आमची हेल्गाबाई झाली. काकू दर रविवारी बेसमेंटच्या भिंतीवर तिचा एखादा सिनेमा लावायच्या. आम्ही पाच-सात जण चिवडा खात बघायचो. मूकपट, त्यामुळे गप्पा मारायला मोकळीक. पण हेल्गाबाई पडद्यावर आल्या की काकू हात वर करून म्हणायच्या, "आल्या बाई!" आणि मग पुढची दोन मिनिटं कुणी कुरकुरीत काही खायचं नाही, असा नियम. हेल्गाबाईंविषयी त्या सख्ख्या आत्याविषयी बोलावं तशा बोलायच्या. माझी मुलगी एकदा म्हणाली, "मॉम, हाऊ इज शी रिलेटेड टु अस?"

काकूंना आता एकच हवं होतं. त्या म्हातारीखाली हेल्गाबाईंचं नाव लागायला हवं. डेन्मार्कमधल्या एका फिल्म संग्रहालयात सोफी नावाची तरुण बाई होती, तिच्याशी व्हिडिओ कॉल सुरू झाले. सोफी सभ्य. म्हणायची, शक्य आहे, पण मूळ फिल्म इथे येऊन नीट कॉपी झाल्याशिवाय मी कशाच्या जोरावर नाव लावू? त्या सिनेमाची दुसरी प्रत जगात कुठे आहे हे कुणालाच माहीत नव्हतं. आणि फिल्म पाठवणं सोपं नव्हतं. त्या काळची फिल्म म्हणजे कापूरच म्हणा ना. गरम झाली की आपोआप पेटते आणि पेटली की पाण्यानेही विझत नाही. ती नेणारी खास माणसं लागतात, परवाने लागतात. अखेर सगळं जुळलं. सोमवारी माणूस येऊन फिल्म नेणार होता.

तोवर ती थंड ठेवायची होती. कुठे? तर आपल्या सगळ्यांकडे असतो तो गराजमधला दुसरा फ्रिज. आंब्याचा रस, खवलेला नारळ, गोठवलेले मोदक, आणि त्यात हेल्गाबाई. काकूंनी भेंडोळं वसंतकाकांच्या जुन्या पंच्याच्या तुकड्यात सैलसर गुंडाळून दह्याच्या मोठ्या रिकाम्या डब्यात ठेवलं होतं, आणि फिल्म हवाबंद राहिली तर कुजते म्हणून झाकणाला दाभणाने भोकं पाडली होती. आता जगात फक्त आपल्या माणसांनाच हे कळेल. दह्याचा डबा, वर भोकं, आत फडक्यात बांधलेलं काहीतरी. हे काय असणार?

बरोबर. मटकी.

शनिवारी मंडळाची पिकनिक होती, पार्सिपनीजवळच्या पार्कात, आणि मिसळीसाठी काकूंनी मटकी भिजवून द्यायचं कबूल केलं होतं. शुक्रवारी संध्याकाळी काकू डेंटिस्टकडे. पार्सिपनीचा मंदार ऑफिसमधून जाता जाता आला, गराजचा कोड त्याला ठाऊक होता, आणि वरच्या शेल्फवरचा डबा घेऊन गेला. मटकी खालच्या शेल्फवर होती.

शनिवारी सकाळी मी काकूंना पिकनिकला न्यायला गेले, तर त्या गराजमध्ये फ्रिजचं दार उघडं टाकून उभ्या. हातात फोन. मंडळाच्या ग्रुपवर मंदारच्या बायकोने, शुभांगीने, फोटो टाकला होता. ओव्हन, आतला दिवा लावलेला, आणि दिव्याखाली तो भोकांचा डबा. खाली लिहिलं होतं, "कुमुदकाकूंच्या मटकीचे मोड अजून फडक्याबाहेरच नाहीत! पुरचुंडी न सोडताच रात्रीपासून ऊब दिलीय. बाराला पाव गरम करायला ओव्हन लावणार, तोवर येतीलच!"

मी शुभांगीला फोन लावला. ती पार्कात टेबलं मांडायला गेलेली, फोन पर्समध्ये. मंदारला लावला. तोही उचलेना. मग मी नाइन वन वन लावला. आता समोरच्या बाईला समजावणार काय?

"मॅम, व्हॉट इज युअर इमर्जन्सी?"

"देअर इज अ मूव्ही इन माय फ्रेंड्स ओव्हन."

"इज देअर अ फायर, मॅम?"

"नॉट येट!"

काकूंनी माझ्या हातातून फोन घेतला आणि रिपोर्ट सांगावा तसं, सावकाश, खालच्या आवाजात, पार्सिपनीचा पत्ता, ती कोणत्या प्रकारची फिल्म आहे, किती आहे, घरात दोन मुलं आहेत, हे सगळं सांगितलं. शेवटी म्हणाल्या, "प्लीज हरी, पिरियड."

टू एटी सेव्हन हायवेवर मी किती स्पीडने गाडी मारली ते इथे लिहीत नाही. काकू शेजारी बसल्या होत्या, पर्स घट्ट धरून. इतकी वर्षं लोकांच्या छातीतल्या गाठी शांतपणे वाचलेली बाई, पण त्या दिवशी दर मिनिटाला घड्याळ बघत होती.

"मला भीती वाटतेय गं," त्या म्हणाल्या. "सिनेमा जाऊ दे. गेला तर गेला. शुभांगीची पोरं घरात आहेत. काय म्हणून मी तो डबा असा ठेवला?"

"काकू, होईल सगळं नीट."

"हेल्गाबाईंनासुद्धा नाही आवडणार हे," असं म्हणून त्या खिडकीबाहेर बघत राहिल्या.

पोहोचलो तर दारात बंब उभा. एक बंब, लिहून घ्या. मुलं फूटपाथवर नाचत होती, त्यांच्या दृष्टीने सण होता. मंदार गवत कापायच्या मशीनशेजारी, गळ्यात हेडफोन, चेहरा पांढराफटक. झालं असं की तो पाणी प्यायला आत गेला तेव्हा त्याला ओव्हनमधून आंबूस वास आला. मटकी नासली, असं समजून त्याने डबा उचलला आणि मागच्या अंगणात, गवतावर नेऊन ठेवला. बायकोची बोलणी खावी लागू नयेत म्हणून तो पुरावा लपवत होता हो! पण घर वाचलं ते त्या वासामुळेच. फिल्म सडायला लागली होती, म्हणून तो वास.

काकूंनी आधी मुलांना जवळ घेतलं. दोघांच्या डोक्यावरून हात फिरवला. मग त्या मागच्या अंगणाकडे निघाल्या. बंबवाल्यांचा कॅप्टन आडवा आला. सहा फूट उंच, मिशाळ. त्याच्या माणसाच्या हातात पाण्याची बादली होती. भेंडोळं तिच्यात बुडवायचं आणि नष्ट करायला पाठवायचं, असं ठरलं होतं.

"यू कान्ट गो देअर, मॅम."

"आय ॲम अ डॉक्टर."

"डॉक्टर ऑफ व्हॉट, मॅम?"

काकूंनी लांबून डब्याकडे बोट दाखवलं. "ऑफ दॅट."

मग त्यांनी पर्समधून परवान्याचे कागद काढले, सोफीची पत्रं काढली, सोमवारी माणूस येणार आहे ते सांगितलं. कॅप्टन मान हलवत राहिला, पण नकारार्थीच. शेवटी काकू म्हणाल्या, "वन लुक. देन यू डिसाइड." तो काय समजला कोण जाणे, पण हातमोजे घातलेल्या माणसाने त्याच्या सांगण्यावरून पंचा सोडला आणि भेंडोळ्याच्या आतल्या टोकाची वीतभर पट्टी उन्हाकडे धरली. कॅप्टन वाकून बघायला लागला. काकू त्याच्या कोपराशी उभ्या राहून त्याला सांगत होत्या, "नॉट द मिडल. लुक ॲट द कॉर्नर."

बराच वेळ तो बघत होता. मग म्हणाला, "हू इज शी?"

"दॅट," काकू म्हणाल्या, "इज व्हॉट आय ॲम ट्राइंग टु गेट रिटन डाउन."

कॅप्टनने बादली बाजूला ठेवायला लावली. फिल्म परत घरी न्यायची नाही, हे मात्र त्याने बजावलं. सोमवारपर्यंत ती त्यांच्याच स्टेशनच्या मागे, उघड्यावरच्या लोखंडी पेटीत, बर्फाशेजारी राहिली. जाताना तो आम्हाला म्हणाला की उद्या मी माझ्या आईला स्टेशनवर आणून ही पट्टी दाखवीन. आता आगीच्या बंबवाल्याला नाही कोण म्हणणार?

इतक्यात शुभांगी पार्कातून धावत आली आणि सगळं कळल्यावर काकूंच्या गळ्यात पडून हमसाहमशी रडली. काकू तिच्या पाठीवर थोपटत म्हणाल्या, "अगं वेडे, शंभर वर्षांत त्या बाईला ऊब द्यावी असं कुणाच्या मनात तरी आलं होतं का? रडू नकोस. मिसळीचं काय करतेस ते बघ." त्या दिवशी आम्ही मिसळ खाल्ली ती टिनमधल्या छोल्यांची. काकू म्हणाल्या, "ॲबनॉर्मल. पण जीवाला धोका नाही."

डेन्मार्कला फिल्म पोहोचली तेव्हा बाहेरचे वेढे एकमेकांना चिकटून गेले होते, ते गेलेच. आतलं वाचलं. मग काकू आणि सोफी यांचे कॉल पुन्हा सुरू झाले. एकदा मी होते समोर. सोफी दोन तुकडे शेजारी शेजारी लावून बघत होती. एकीकडे तरुण हेल्गाबाई झोपलेलं मूल उचलताहेत, दुसरीकडे म्हातारी टोपली उचलतेय. काकू इकडून ओरडत होत्या, "द शोल्डर! नो नो, डोन्ट लुक ॲट द फेस, फेस इज मेकअप! बोन इज बोन!" सोफी पुन्हा पुन्हा मागे-पुढे करत होती. मग ती एकदम थांबली. तिने दोन्ही हात तोंडावर धरले. काकू माझ्याकडे वळून म्हणाल्या, "दिसलं तिला."

पुढच्या वसंतात आमच्या लायब्ररीच्या हॉलमध्ये तो तुकडा दाखवायचं ठरलं. संग्रहालयाने कॉपी पाठवली होती. पार्सिपनीहून दोन गाड्या भरून लोक आले. शुभांगीने तोच भोकांचा डबा परत आणला होता, घासूनपुसून, आणि रिकामा कसा द्यायचा म्हणून त्यात मटकीची उसळ घालून. मागच्या रांगेत कॅप्टन बसला होता, शेजारी त्याची आई. काकू पहिल्या रांगेत, माझ्या शेजारी. नवी चंदेरी शाल आणि खाली तेच लोकरीचे मोजे.

त्यांना तेव्हा बरं नव्हतं. काय झालंय ते त्यांनी स्वतःच स्कॅनवर वाचलं होतं, आणि आम्हाला सांगितलं होतं एका वाक्यात, पिरियडसकट. तो उन्हाळा संपायच्या आत त्या गेल्या. पण त्या संध्याकाळी त्यांच्या चेहऱ्यावर त्यातलं काही नव्हतं. हॉल भरलेला बघून त्या खूश होत्या आणि उसळीचा डबा मांडीवर घेऊन बसल्या होत्या.

दिवे गेले. सुरुवातीला पडद्यावर नुसते पांढरे डाग उसळत होते, ती शुभांगीच्या ओव्हनची करामत. मग डाग विरळ झाले. बंदर दिसायला लागलं, नायिका दिसायला लागली, आणि कोपऱ्यातून, रुमाल बांधलेली, टोपलीशी वाकणारी म्हातारी. काकूंनी हात वर केला, पण त्यांच्या तोंडून शब्द निघायच्या आधीच सगळा हॉल ओरडला, "आल्या बाई!"

हेल्गाबाईंनी डावीकडे कलून टोपली उचलली आणि निघून गेल्या. जेमतेम दोन मिनिटांचं काम. पडदा काळा झाला आणि त्यावर संग्रहालयाने घातलेल्या पांढऱ्या अक्षरांच्या दोन ओळी आल्या. दुसऱ्या ओळीबद्दल सोफी कुणाला काहीच बोलली नव्हती.

काकूंनी माझी बाही ओढली. "टेस्टर, काय लिहिलंय गं? वाच मोठ्याने. मी चष्मा विसरलेय."

चष्मा त्यांच्या नाकावर होता.

मी वाचलं, "म्हातारी: हेल्गा रोस्ट्रुप. ओळखणाऱ्या: डॉक्टर कुमुद देवस्थळी, वेस्ट विंडसर."

काकू पडद्याकडे बघत होत्या. डब्याच्या झाकणावर त्यांचे दोन्ही हात घट्ट होते.

"हं," त्या म्हणाल्या. "पुन्हा वाच."